हरलेल्यांचा रकाना

रांचीत जमीन घ्यायला निघालेला माणूस भाव विचारण्याआधी एक गोष्ट विचारून घेतो: जमीन सीएनटीतली आहे का? सीएनटी म्हणजे छोटानागपूर कूळवहिवाट कायदा, साल १९०८. जमीन आदिवासीच्या नावावर असली तर बाहेरच्याला ती विकत घेता येत नाही. घेणारा आदिवासीच, तोही त्याच पोलीस ठाण्याच्या हद्दीत राहणारा हवा, आणि वर उपायुक्तांची परवानगी हवी. दलाल या कायद्याच्या नावाने बोटं मोडतात, बिल्डर त्याला विकासातला खोडा म्हणतात आणि बँक अशी जमीन तारण घ्यायला कां-कूं करते. पळवाटा पुष्कळ निघाल्या. बेनामी व्यवहार झाले, नावापुरतं आदिवासी बाईशी लग्न लावून तिच्या नावे जमिनी घेतल्या गेल्या. तरी कायदा उभा आहे, आणि एकेका सरकारला त्याने घाम फोडला आहे.

हा कायदा केला ब्रिटिशांनी. बिरसा मुंडा रांचीच्या तुरुंगात वारले त्याला तेव्हा आठ वर्षं झाली होती. या दोन घटनांचा एकमेकींशी काय संबंध, हे सावकाश पाहण्यासारखं आहे.

आदिवासींच्या उठावांबद्दल बोलताना आपल्याकडे दोनच सूर लागतात. एक शौर्याचा: पुतळा, हार, जयंती. दुसरा हळहळीचा: तिरकमठ्याने बंदुकीपुढे काय टिकाव धरणार! सूर वेगळे असले तरी गोष्ट दोन्हींत डोंगरावर गोळीबार झाला की संपते. माझ्या मते ती त्यानंतर महसूल कचेरीत जाते, आणि खरी मिळकत, असलीच तर, तिथे शोधावी लागते. बंड मोडलं गेलं, पण सरकारी कागदात एक नवा रकाना पाडून गेलं. तो कसा पडला, हे कळायला आधी रकाना नव्हता तेव्हाचं पाहायला हवं.

मुंडा मुलखात जमिनीचा हक्क जंगल तोडणाऱ्याचा. ज्या घराण्याने पहिल्यांदा रान मोडून गाव वसवलं, त्याच्या वंशजांची मिळून त्या गावशिवारावर मालकी. याला खुंटकट्टी म्हणतात. शेत एकेकाच्या वहिवाटीत असे, पण गावाचं रान, पडीक, पाणी सगळ्यांचं. गावाचा प्रमुख मुंडा, पूजाअर्चा पाहणारा पाहन, आणि काही गावांच्या गटावर मानकी. वरच्या राजाला थोडाफार नजराणा जाई, त्यालाही जमिनीचा मालक कोणी मानत नसे. या हक्काचा पुरावा काय? घराण्याचे पूर्वज जिथे पुरले ते मोठमोठे दगड, ज्यांना सासनदिरी म्हणतात. ज्याच्या पूर्वजांचे दगड त्या गावात, त्याचा गावावर हक्क.

कंपनीला १७६५ मध्ये दिवाणी मिळाली आणि हळूहळू या मुलखात दुसऱ्याच तऱ्हेचा पुरावा मागितला जाऊ लागला. जमिनीला मालक हवा, एकच हवा, आणि त्याचं नाव कागदावर हवं. मुंडांचं नाव कुठल्याच कागदावर नव्हतं, राजाचं होतं, म्हणून राजा मालक ठरला. राजाला दरबारी थाटाची हौस जडली होती. घोडे, शाली, जडजवाहीर विकणाऱ्या व्यापाऱ्यांचं देणं फेडायला तो त्यांना गावं लावून देऊ लागला. गाव हाती आल्यावर हा ठिकेदार, म्हणजे गावाचा मक्तेदार, खंड वाढवी, वेठबिगार घेई, आणि कुणी तक्रार केलीच तर कोर्टात कागद दाखवी. कोर्ट दूर, तिथली भाषा परकी, वकील ठिकेदाराच्या ओळखीचा. मुंडाने तिथे काय दाखवायचं? दगड कोर्टात नेता येत नाहीत. आपला हक्क सांगायला मुंडा मंडळी दगड खांद्यावर घेऊन कलकत्त्यापर्यंत चालत गेली होती, अशी गोष्ट झारखंडात आजही सांगितली जाते. ती जशीच्या तशी घडली असो वा नसो, अडचण नेमकी कुठे होती ते तिच्यात अचूक आलं आहे.

१८३१-३२ मध्ये पहिला मोठा भडका उडाला. महाराजाच्या भावाने सोनपूर परगण्यातली गावं मानकींकडून काढून बाहेरच्या ठिकेदारांना दिली, त्यांनी अत्याचार केले, आणि अख्खा मुलूख पेटला. कंपनीने फौज आणून तो विझवला. पण नंतर जे केलं ते ध्यानात घ्यायला हवं. १८३३ मध्ये हा प्रदेश नेहमीच्या कायद्यांतून बाहेर काढून वेगळ्या एजन्सीखाली ठेवला. सिंहभूमच्या कोल्हान भागात कॅप्टन विल्किन्सनने मुंडा-मानकींनाच कारभारात धरून काही नियम घालून दिले. त्या नियमांचा हवाला कोल्हानातल्या वादांत अजूनही दिला जातो. चोवीस वर्षांनी संथाळांचं तेच झालं. ३० जून १८५५ रोजी भोगनाडीह गावी सिधू आणि कान्हू मुर्मू यांनी हूल पुकारला, म्हणजे बंड. सावकार, जमीनदार, पोलीस हे त्यांचे वैरी. हजारो संथाळ मारले गेले, नोव्हेंबरात लष्करी कायदा लागू झाला, आणि त्याच साली संथाळ परगणा नावाचा स्वतंत्र जिल्हा करून त्यालाही सर्वसाधारण कायद्यांतून वगळण्यात आलं.

आधी फौज, मग चौकशी, मग कायदा. हा क्रम मराठी वाचकाला अगदीच परका नसावा. १२ मे १८७५ ला पुणे जिल्ह्यातल्या सुप्याच्या बाजारात शेतकरी सावकारांच्या घरांवर चालून गेले. त्यांना हवे होते ते कर्जरोखे, आणि ते मिळाले तिथे जाळले. पुढे आयोग बसला आणि १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांच्या कर्जनिवारणाचा कायदा झाला. कागदाने लुटलेल्यांनी कागद जाळले, तेव्हा सरकारला कागद नीट वाचावेसे वाटले. फरक एवढाच की सुप्याचा कुणबी एकटा कर्जदार होता आणि कायद्याने त्याला एकट्यालाच सोडवू पाहिलं. मुंडांचं गाऱ्हाणं अख्ख्या गावाच्या हक्काचं होतं, आणि गावाला मालक मानायचं म्हणजे सरकारच्या मूळ समजुतीलाच धक्का.

प्रत्येक बंडाला असा कायदा मिळाला, असं मात्र समजू नये. खानदेशातल्या भिल्लांना कंपनीने दुसरं उत्तर दिलं. १८२५ मध्ये जेम्स आउट्रमने धरणगावला भिल्ल पलटण उभी केली आणि कालच्या बंडखोरांना सरकारी गणवेश चढवला. अकोले तालुक्यातले महादेव कोळी राघोजी भांगरे यांना १८४८ मध्ये ठाण्याच्या तुरुंगात फाशी झाली, आणि त्यांच्या मागे त्यांच्या लोकांच्या जमिनीसाठी तसा काही कायदा आला नाही. नोकरीत घ्या, फासावर द्या किंवा त्यांची रीत लिहून घ्या, असे पर्याय सरकारपुढे असत, आणि तिसरा त्याने नाइलाज झाल्याशिवाय कधी घेतला नाही. छोटानागपुरात तो का घ्यावा लागला, याचं उत्तर मला बिरसांच्या आधीच्या चाळीस वर्षांत दिसतं.

ती चाळीस वर्षं अर्जांची होती. १८५८ च्या सुमारास सरदारांची, म्हणजे तिकडच्या आदिवासी पुढाऱ्यांची, चळवळ सुरू झाली, तिला मुलकी लढाई म्हणतात. नाव लढाईचं आणि हत्यार अर्जाचं. आयुक्तांकडे अर्ज, कलकत्त्याला अर्ज, कोर्टात दावे. यातले बरेच सरदार मिशनच्या शाळांत शिकलेले ख्रिस्ती होते. पाद्री आपली बाजू घेतील या आशेवर पुष्कळांनी धर्म बदलला, आणि पाद्री हात झटकू लागले तेव्हा मिशन सोडलंही. सरकारने अगदीच काही केलं नाही असं नाही. १८६९ च्या कायद्याने काही जमिनींची मोजणी होऊन हक्क नोंदले गेले. पण पुष्कळ जमिनी त्या नोंदीबाहेर राहिल्या, आणि राहिल्या त्या जमीनदाराच्या घशात गेल्या. अर्जाला उत्तर येई, ते असं की हे सगळं पूर्वीच निकाली निघालं आहे.

बिरसा या वातावरणात वाढले. जन्म १५ नोव्हेंबर १८७५ चा, शिक्षण चाईबासाच्या जर्मन मिशनमध्ये. १८९५ मध्ये ते देवमाणूस म्हणून प्रकट झाले. ते आजार बरे करीत, दारू सोडा म्हणत, एकच देव माना म्हणत. माणसं चालकाडला लोटली. सरकारने त्याच वर्षी त्यांना धरलं, दोन वर्षं तुरुंगात ठेवलं. सुटून आल्यावर डोंगरांत रात्रीच्या बैठका सुरू झाल्या, आणि १८९९ च्या नाताळच्या आदल्या रात्री ठिकठिकाणच्या चर्चवर आणि बंगल्यांवर बाण सुटले. ७ जानेवारी १९०० ला खुंटीच्या पोलीस ठाण्यावर हल्ला झाला. दोन दिवसांनी सैल रकब डोंगरावर जमलेल्यांना फौजेने वेढलं आणि गोळ्या घातल्या. मेलेल्यांत बायका-मुलंही होती. किती मेले, याचे सरकारी आणि लोकांचे आकडे कधीच जुळले नाहीत. फेब्रुवारीत बिरसा पकडले गेले आणि ९ जूनला तुरुंगातच वारले. पटकीने, असं सरकारने सांगितलं. वय पंचवीसही पुरं नव्हतं.

लष्करी हिशेबाने उलगुलान, म्हणजे बिरसांचं बंड, पंधरवड्यात आटोपलं. महसुली हिशेबाने ते तिथे सुरू झालं.

१९०२ मध्ये सरकारने सबंध मुलखाची मोजणी हाती घेतली. अंमलदार गावोगाव फिरून विचारू लागले की हे गाव कोणी वसवलं, त्यांचे वंशज कोण, रान कोणाचं, लाकूड कोण तोडतो, मोहाची फुलं कोण वेचतो. जे प्रश्न शंभर वर्षांत कुणी सरसकट विचारले नव्हते, ते आता छापील तक्त्यात आले. १९०३ मध्ये कायद्यात दुरुस्ती होऊन मुंडारी खुंटकट्टी ही वहिवाट मान्य झाली. १९०२ मध्ये गुमला आणि १९०५ मध्ये खुंटी असे नवे उपविभाग झाले, म्हणजे कचेरी लोकांच्या चालण्याच्या टप्प्यात आली. आणि १९०८ मध्ये सगळं एकत्र बांधून कायदा झाला. खतियान म्हणजे तिकडचा सातबारा. त्यात आता ‘मुंडारी खुंटकट्टीदार’ ही नोंद आली, आणि गावाच्या रानावरचे सामाईक हक्क लिहायला खतियानाचा दुसरा भाग आला. दगडाने जे सांगितलं जात होतं ते तलाठ्याच्या शाईत उतरलं. पूर्ण नाही, वाकडंतिकडं, पण उतरलं.

या कायद्याचं श्रेय बहुतेक वेळा जॉन हॉफमन या जेझुइट पाद्र्याला देतात. ते खोटंही नाही. त्यांनी मुंडारी भाषेत आणि रीतिरिवाजांत आयुष्य घातलं, पुढे मुंडारी ज्ञानकोश रचला, आणि कायद्यासाठी खुंटकट्टीवर टिपण करून दिलं. पण हॉफमन ज्या सरवदा मिशनमध्ये राहत, त्या मिशनवरही नाताळच्या आदल्या रात्री बाण आले होते. त्यांचं ज्ञान त्याआधीही होतं. ते ऐकून घ्यायची गरज सरकारला बाणांनंतर वाटली. कोणी म्हणेल, कूळकायद्याचा विचार आधीपासून चालूच होता, बिरसा नसते तरी काहीतरी झालंच असतं. काहीतरी झालं असतं, खरं. १८६९ सारखं. त्या कायद्याचं काय झालं, ते वर आलंच आहे.

आता दुसरी बाजू. ब्रिटिशांनी हा कायदा काही पश्चात्तापाने केला नाही. फौजेचा खर्च परवडत नव्हता, आणि शांत आदिवासी मुलूख हवा होता. म्हणून कुंपण घातलं ते दिकूच्या, म्हणजे बाहेरच्या सावकार-जमीनदाराच्या, बाजूने. सरकारच्या बाजूला फाटक उघडंच ठेवलं. खाणीसाठी, कारखान्यासाठी जमीन द्यायची वाट कायद्यातच होती. जंगल १८७८ च्या कायद्याने आधीच सरकारजमा होऊ लागलं होतं आणि भूसंपादनाचा १८९४ चा कायदा हाताशी होता. योगायोग असा की १९०८ सालीच सिंहभूममधल्या साकची इथे टाटांच्या पोलाद कारखान्याचं बांधकाम सुरू झालं. एकाच वर्षी, एकाच मुलखात, आदिवासीची जमीन सावकाराला मिळणार नाही असं ठरलं आणि कारखान्याला मात्र मिळू लागली. पुढच्या शतकात या मुलखातली माणसं सावकारामुळे उठली त्याहून जास्त, धरणांमुळे, खाणींमुळे आणि कारखान्यांमुळे उठली. आणि ते फाटक स्वतंत्र भारतातल्या सरकारांनी आणखी रुंद केलं.

तरीही त्या रकान्याने जे धरून ठेवलं ते थोडं नाही. १९४९ मध्ये संथाळ परगण्यालाही असाच कायदा मिळाला. घटना समितीत जयपाल सिंग मुंडा उभे राहिले. १९२८ च्या अ‍ॅम्स्टरडॅम ऑलिम्पिकमध्ये भारताच्या हॉकी संघाचे कप्तान असलेला हा खुंटीकडचा माणूस तिथे आदिवासींच्या जमिनीबद्दल बोलत होता. घटनेच्या पाचव्या अनुसूचीने राज्यपालांना अनुसूचित क्षेत्रात जमिनीच्या हस्तांतरणावर बंधनं घालायचे अधिकार दिले. सर्वसाधारण कायद्यातून वगळलेला मुलूख ही कल्पना १८३३ ची, घाबरलेल्या कंपनीची. ती घटनेपर्यंत येताना हक्काची झाली.

महाराष्ट्रातही तीच चाल पुढे दिसते, फक्त उशिरा. शहाद्याला १९७२ च्या सुमारास अंबरसिंग सुरतवंतींसारख्या भिल्ल कार्यकर्त्यांनी बळकावलेल्या जमिनी सोडवायची चळवळ उभी केली. दोन वर्षांत महसूल संहितेत ‘३६ अ’ कलम आलं, आणि १ एप्रिल १९५७ ते ६ जुलै १९७४ या काळात आदिवासींच्या हातून गेलेल्या जमिनी परत करण्याचा कायदा झाला. पालघर, नंदुरबारकडच्या सातबाऱ्यावर ‘इतर अधिकारा’च्या रकान्यात या कलमाचा शेरा असतो. तो वाचून जमीन घ्यायला आलेलं गिऱ्हाईक परत जातं.

रकाना पाडून घेणं एक, तो राखणं दुसरं. २०१६ मध्ये झारखंड सरकारने सीएनटी आणि संथाळ परगणा कायद्यांत दुरुस्ती करायला घेतली. शेतजमिनीचा शेतीबाहेर वापर सोपा करायचा होता. राज्यभर मोर्चे निघाले. विधेयकं राज्यपालांकडे गेली, आणि २०१७ मध्ये राज्यपालांनी ती सही न करता परत पाठवली. राज्यपाल होत्या द्रौपदी मुर्मू, स्वतः संथाळ. सरकारला माघार घ्यावी लागली. सिधू-कान्हूंच्या जमातीतली एक बाई राजभवनात बसून कागदावर सही करायचं नाकारते, हा प्रतिकाराचा प्रकार १८५५ मध्ये कुणाच्या स्वप्नातही आला नसता.

त्याच सुमारास खुंटी जिल्ह्यात गावांच्या वेशीवर मोठे दगड उभे राहिले. हिरवा रंग, पांढरी अक्षरं, आणि त्यावर घटनेच्या पाचव्या अनुसूचीतल्या आणि १९९६ च्या पेसा, म्हणजे अनुसूचित क्षेत्रांतल्या ग्रामसभांना अधिकार देणाऱ्या, कायद्यातल्या तरतुदी. याला पत्थलगडी म्हणतात. दगडांवरचे काही अर्थ चुकीचे होते. ग्रामसभेच्या परवानगीशिवाय बाहेरच्याने गावात यायचंच नाही, इतकं कायदा म्हणत नाही. पण चुकीचं वाचणाऱ्यावर राजद्रोह लावायचा, हेही कुठल्या कायद्यात बसतं? हजारोंवर गुन्हे दाखल झाले. डिसेंबर २०१९ मध्ये नव्या सरकारने पहिल्याच बैठकीत ते मागे घ्यायचं ठरवलं. एकेकाळी दगडावरचं कागदावर यावं म्हणून झगडा होता, आता कागदावरचं दगडावर आलं आणि लोकांना तुरुंग दिसला.

आता कागदाचीच सत्ता इतकी झाली आहे की झारखंडचा स्थानिक कोण, हे १९३२ च्या खतियानावरून ठरवावं अशी मागणी होते. २०२२ मध्ये विधानसभेने तसं विधेयकही मंजूर केलं. ज्यांच्याकडे कागद नव्हता म्हणून जमिनी गेल्या, त्यांचेच नातू आज कागद नसलेल्यांना बाहेरचं ठरवू पाहतात. त्यांना दोष देणं सोपं आहे. दीडशे वर्षं त्यांना दुसरं काही शिकवलंच गेलं नाही.

या नोंदीत एक जागा पहिल्यापासून मोकळी राहिली. कायद्याच्या सातव्या-आठव्या कलमांत खुंटकट्टीचा हक्क मूळ वसवणाऱ्याच्या पुरुषवंशाकडे जातो. मुंडांची रीत तशी होती, हॉफमनने तशी टिपली, सरकारने तशी छापली, आणि जी रीत काळाबरोबर बदलू शकली असती ती कलम होऊन बसली. उलगुलानमध्ये बिरसांचे साथी गया मुंडा यांच्या घरावर पोलीस आले तेव्हा त्यांची बायको माकी आणि सुना-मुली हाती मिळेल ते घेऊन लढल्या. खतियानात नावं चढली ती मुलग्यांची. आदिवासी बायकांच्या वतीने या कलमांवर दावा झाला तेव्हा १९९६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कलमं रद्द केली नाहीत. कमावता पुरुष गेल्यावर मागे राहिलेल्या बायकांचा त्या जमिनीवर उपजीविकेपुरता हक्क राहील, एवढं बहुमताने सांगितलं. तिसऱ्या न्यायाधीशांना ते अपुरं वाटलं आणि त्यांनी वेगळं मत लिहिलं. कलमांतली ‘पुरुषवंश’ ही अट अजून तशीच आहे, आणि या रकान्यासाठीची लढाई बायकांना अर्ज-दाव्यांनीच लढावी लागते आहे, सरदारांनी लढली तशी.